धार्मिक कपाटातला सैतान

वाचनालयात नोकरी केली की पगार साठत नाही, किस्से साठतात! सत्तरच्या दशकात मी सोलापुरात क्लार्क होतो, तेव्हा एका रशियन कादंबरीनं असे हादरे दिले की बस्स!

कादंबरी मराठीत आलेली, जाडजूड. गोष्ट सांगणारा कोण? खुद्द सैतान! आमचे ग्रंथपाल हिरेमठ अण्णा. त्यांनी पहिलं पान चाळलं, देवाचं नाव दिसलं, खाकी कव्हर घातलं आणि पुस्तक धार्मिक कपाटात! मी वाचून उडालोच. "अण्णा, हा सैतान आहे!"

"असू दे, शेजार चांगला मिळालाय."

*

मला स्वतःची प्रत हवी होती. नव्या पेठेतला दुकानदार म्हणाला, "रशियन? ट्रॅक्टर दुरुस्तीपर्यंत सगळं मिळेल. सैतान ते लोक पाठवत नाहीत!" म्हणजे अख्ख्या गावात आमची एकच प्रत.

*

गिरणीतले कॉम्रेड तर भडकलेच. "रशियात सैतान? क्रांतीनंतर एकही उरला नाही!" म्हटलं, वाचा तरी. आठवड्यानं पुस्तक परत करायला आले.

"अहो, हा कुणालाच बिघडवत नाही. माणसं आपणहून करतात, हा नुसता बघतो. आता दोष द्यायचा कुणाला?"

*

वाचनालयाचे अध्यक्ष दादासाहेबांना हे कळलं, तसं त्यांनी अण्णांना फर्मावलं, "रविवारी कमिटीपुढे ते पुस्तक आणा, आणि राजीनामाही!" अण्णांच्या मुलीचं लग्न तोंडावर आलेलं. त्यात पुस्तक जागेवर नाही! धार्मिक म्हणून मंद्रूपच्या गंगूमावशींनी नेलेलं.

एस.टी.नं मंद्रूप गाठलं. देवळात बायका जमलेल्या, मावशी चौरंगावर पोथी ठेवून वाचतायत. पोथी कसली, आमची कादंबरी! वर हळदकुंकू वाहिलेलं! अगं आई गं!

"मावशी, हा सैतान आहे!"

"व्हय की. पर लई खरं बोलतोय. पारायण मदीच मोडत न्हाईत. रविवारी मीच आणून देते."

*

रविवारी अण्णांनी राजीनामा टेबलावर ठेवला. तेवढ्यात मावशी पुस्तक घेऊन थेट आत!

दादासाहेब गरजले, "काय घाण आहे त्यात?"

"ऐका की," म्हणत मावशींनी हाताला लागलं ते पान पोथीच्या चालीत वाचलं. "थोरला भाऊ गेला. थडग्यावरची माती ओलीच होती. धाकट्यानं वहिनीची गोड बोलून घराच्या कागदावर सही घेतली. मी काहीच केलं नाही. दारात उभा होतो."

दादासाहेबांचा चेहरा पांढराफटक. त्यांनी आधी दाराकडे पाहिलं. मग अण्णांचा राजीनामा न वाचताच फाडला आणि अगदी हळू आवाजात विचारलं, "हे त्या रशियनाला कुणी सांगितलं?"