‘व्हल्गर’चा अर्थ शोधताना

तेव्हा आम्ही परदेशात, टॅम्पिनीसला नवव्या मजल्यावर राहत होतो. मुलगा जहाजावर इंजिनियर, म्हणजे सहा-सहा महिने समुद्रात. सून पाया लेबारला ऑफिसात, नात शाळेत. सकाळी दार बंद झालं की संध्याकाळपर्यंत घरात मी आणि पंखा. महिन्यातून एकदा मराठी बायका जमायच्या, तेवढाच माझा गोतावळा. मी तर आठ दिवस आधी साडी काढून ठेवायची, आता बोला!

असंच एकदा बुकित तिमाहच्या कॉन्डोत, म्हणजे बड्या लोकांच्या इमारतीत, आमच्यातल्या एका पोरीचं डोहाळजेवण होतं. मोगरा मिळाला नाही म्हणून ऑर्किडची वाडी भरलेली. गाणी मात्र टेपवर. कुणीतरी म्हणालं, “आजी, तुम्ही म्हणा ना जुनं काहीतरी.” मला काय, निमित्तच हवं होतं. आमच्या गावाकडे अशा वेळी पुरुषांना बाहेर घालवून बायका गाणं म्हणायच्या. एकीनं विचारायचं, दुसरीनं उत्तर द्यायचं. इथे दुसरी कोण? मीच दोन्हीकडून म्हटलं:

“दिवा कोणी मालवला गं, खरं सांग पोरी?”
“वाऱ्यानं मालवला बाई, खिडकी होती उघडी.”
“त्या वाऱ्याला मिशा होत्या का गं, खरं सांग पोरी?”

पोटुशी पोर पदराआड खुदकन हसली. बाकी सगळ्यांच्या नजरा माझ्या पाठीमागे. मागे वळून बघते तर काय, खुर्च्यांवर नवरेमंडळी बसलेली, एकाच्या हातात व्हिडिओ कॅमेरा! डोहाळजेवणाला पुरुष असतील हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. सुनेनं घाईघाईनं पेढ्या-बर्फीच्या वाट्या पुढे केल्या, आणि गाणं तिथेच राहिलं.

टॅक्सीत ती म्हणाली, “आई, रागावू नका, पण ते फार व्हल्गर वाटलं. ती व्हिडिओची कॅसेट त्या मुलीच्या सासरी पुण्याला जाणार आहे.”

“व्हल्गर म्हणजे गं?”

“असू दे आता.”

असू दे कसं? माझी शाळा चौथीपर्यंत. इंग्रजी अक्षरं मुलाच्या पुस्तकांवरून मी आपली आपण गिरवलेली. दुसऱ्या दिवशी इंग्रजी-मराठी कोश घेऊन बसले. बोट ठेवून ठेवून शब्द सापडला: अश्लील, ग्राम्य. ग्राम्य म्हणजे गावातलं! मग नातीचा जाडा शब्दकोश काढला. तिथे शेवटी बारीक अक्षरांत मूळ दिलं होतं. एकेक शब्द पुन्हा कोशात बघत अर्थ लावला: लॅटिनमधला शब्द, सामान्य लोक, गर्दी. म्हणजे आधी ते नुसतं ‘लोकांचं’ होतं. जे सगळे बोलतात, सगळे करतात, ते. पुढे कधीतरी शिकलेल्यांनी नाक मुरडलं असेल, आणि लोकांचं ते घाणेरडं झालं. मला हे कुणाला तरी सांगायचं होतं हो. पण सुनेला सांगितलं तर भांडणच वाटलं असतं. नात तिच्या शाळेतल्या इंग्रजीत म्हणाली असती, “Ajji, so what lah.”

पुढच्या महिन्यात सून एकटीच गेली. “तुम्हाला उगाच दगदग,” एवढंच म्हणाली. त्याच्या पुढच्या महिन्यातही तसंच. मी काढून ठेवलेली साडी पुन्हा कपाटात ठेवली.

आणि एक दिवस दुपारी फोन वाजला. ती पोटुशी पोर. नववा लागलेला, तीही दिवसभर घरात एकटीच.

“आजी, कोणी नाहीये ना? त्या गाण्याचं पुढचं सांगा ना. मी कधीची विचार करतेय, ती पोरगी उत्तर काय देते?”

सगळं गाणं माझ्या ओठावर होतं. सातही कडवी. मनात आलं, ही कौतुकानं कुणाला तरी म्हणून दाखवील, ते फिरून सुनेच्या कानावर जाईल, आणि तिला पुन्हा माझ्यापायी मान खाली घालावी लागेल.

“विसरले गं बाई,” मी म्हटलं. “म्हातारपण.”

“अय्या, असं कसं?” ती म्हणाली. “आठवलं तर कराल फोन?”

“करीन की.”

केला नाही. तिला मुलगी झाली म्हणून सुनेकडून कळलं, आणि मग ती पोर माहेरी गेली ती परत भेटलीच नाही.