एक माड आणि पिराची भिंत

रत्नागिरीला मी फिरायला गेले नव्हते. ऐंशीच्या दशकात तिथल्या किनाऱ्यावर परदेशी मदतीने टेहळणीचा मनोरा आणि गस्ती बोटींचा धक्का बांधायचं ठरलं. आलेल्या इंजिनिअरला फक्त जर्मन धड येत होतं, आणि मी कॉलेजात जर्मन शिकलेली. आठवड्यासाठी दुभाषी हवी होती. मी लगेच हो म्हटलं.

कोल्हापूरहून सकाळची एसटी पकडली. आंबा घाटात पुढच्या बाकावर बसावं, मागे पोट ढवळतं. चहा हातखंब्याला उरकावा. रत्नागिरीत स्टँडजवळच्या खाणावळीत तांदळाची भाकरी आणि बांगड्याचं तिखलं स्वस्तात मिळालं. हवा मात्र कोंदट, आभाळ राखाडी. आठवडाभर तसंच राहिलं.

कामाची जागा भाट्याच्या दक्षिणेला, एका लहान खाडीच्या तोंडाशी. कातळाच्या कडेला एकच उंच माड होता. मनोऱ्यावरून समुद्र मोकळा दिसावा म्हणून तो तोडायचा होता. दुसऱ्या दिवशी इब्राहिम तांडेल आला. सत्तरीचा मच्छीमार. इंजिनिअरबरोबरच्या सरकारी अधिकाऱ्याला मराठी येत नव्हतं, म्हणून तो माझ्याशीच बोलला.

"बाय, त्या गोऱ्याला सांग, माड तोडू नको. बाहेरून येताना माड नि मागची पिराची पांढरी भिंत एका रेषेत धरायची, तरच पाण्याखालची खडपं चुकतात. माझे दोन मुलगे समुद्रात आहेत. परवा येतील. त्यांना कोण सांगणार?"

उकाडा वाढला होता, जेवण राहिलं होतं. मी इंजिनिअरला म्हटलं, "म्हाताऱ्याचा झाडावर जीव आहे."

"काम झालं की नवी रोपं लावू," तो म्हणाला.

तांडेल माझ्याकडे बघत राहिला. "मी एवढा बोललो नि तू एका वाक्यात उरकलंस? गोऱ्यांची भाषा भारीच काटकसरी गो!"

मला राग आला. मी वही मिटली आणि जेवायला गेले.

तिसऱ्या दिवशी माड पडला.

चौथ्या दिवशी दिवस कलताना होडी दिसली. तांडेल माडाच्या बुंध्यावर उभा राहून पांढरं कापड हलवत होता. माणूस माडाएवढा उंच कुठला! होडी वळली, पुन्हा वळली आणि खडपावर चढली. थोरला पोहत आला. धाकटा सकाळी पुळणीच्या वाळूत सापडला.

मग मी इंजिनिअरला सगळं सांगितलं, शब्द न् शब्द. त्याने नकाशा उलगडला. "मनोरा दहा पावलं सरकवला असता," म्हणाला. "एवढंच तर करायचं होतं."

निघताना तांडेलच्या दारी गेले. त्याने बसायला चटई टाकली, पाणी दिलं. मग पाठ करून जाळं सांधायला बसला.

घरी परतल्यावर कामाचा अहवाल दुभाषी म्हणून माझ्या सहीसाठी टपालाने आला. दोन देशांच्या सहकार्याचं त्यात कौतुक होतं. शेवटच्या पानावर लिहिलं होतं, 'भाषेची अडचण कुठेही आली नाही.'

मी सही केली.