परतवणीचे मामा

आज वार कोणता, हे मामांना धड सांगता येत नसे. पण चाळीस वर्षांपूर्वी कोणत्या दिवशी, किती वाजता, कोण कोणाशी बोललं हे ते न अडखळता सांगत. काय बोललं, एवढं मात्र सांगत नसत.

आमच्या होळी गावातल्या बावखलाला, म्हणजे बागायती वाड्यांना पाणी पुरवणाऱ्या तळ्याला, एक खोड होती. त्याच्या काठी बोललेलं चाळीस वर्षांनी, त्याच तारखेला, त्याच वेळी पाण्यातून पुन्हा ऐकू येई. एकदाच. ते संपेपर्यंत काठावरच्या सगळ्यांची घड्याळं थांबत. याला आम्ही परतवणी म्हणायचो, आणि त्याचं कुणाला फारसं नवल नव्हतं. मामांनी तरुणपणापासून तिथल्या पानवेलींना पाणी शिंपलं, त्यामुळे काठावरचं सगळं पहिल्यांदाही त्यांनीच ऐकलेलं. घरोघरी निरोप द्यायचं काम आपसूक त्यांच्याकडे आलं. सायकलवरून न उतरता ते दारातूनच सांगत, "सतरा तारखेला चार वाजता तुमच्या बाबाची परतवनी हाय. वेळेवर या, पानी कोनासाठी थांबत नाय."

वाडीतली निम्मी पानं बाजारात जातात आणि निम्मी मामांच्या गालात, असं मालक म्हणत. मामा ते ऐकत आणि आणखी एक पान खुडत.

शेजारच्या मावशी नवऱ्याची परतवणी ऐकायला नवी साडी नेसून आल्या होत्या. नवरा म्हणाला, "वेल सैल सुटलाय, आवळून बांध." संपलं. मला फार वाईट वाटलं, पण मावशी डोळे पुसत, हसत घरी गेल्या. मामा म्हणाले, "मोठं बोलायला मानूस देवळात जाते. काठावर कामाचंच बोलते. घरच्यांना तेच पायजे असते."

एकदा साखरपुड्याची मंडळी वाजतगाजत बावखलावरून निघाली होती. मुलाच्या आजोबांनी मुलीच्या आजोबांचा तिथेच कधीकाळी जो उद्धार केला होता, तो नेमका त्याच वेळी परतणार होता. मामांनी बँडवाल्यांना अडवलं, जोरात वाजवायला लावलं आणि स्वतः दहा मिनिटं नाचले. "प्यायलात काय मामा?" कुणीतरी विचारलं. "व्हय," मामा म्हणाले. आयुष्यात त्यांनी थेंब घेतला नव्हता. मला हे त्यांनी फार वर्षांनी सांगितलं, तेही नावं गाळून.

माझी आई मी चार वर्षांची असताना गेली. घरात तिचे दोन फोटो आहेत, आवाज कुठेच नाही. मी कॉलेजात होते तेव्हा मामा म्हणाले होते, "तुझी आय तुला घेऊन आलेली. नाताळच्या तिसऱ्या दिवशी, सकाळी धा वाजता." काय बोलली, ते विचारायची माझी हिंमत झाली नाही. पुढे लग्न होऊन मी विरारला फ्लॅटमध्ये राहायला गेले, नोकरी, मुलगी, सगळं झालं. पण त्या दिवसाची वाट बघणं काही सुटलं नाही.

तो दिवस महिन्यावर आला असताना बावखलाची जमीन विकली गेली. भराव टाकून इमारत उठणार होती. मामा रोज सायकलवरून बिल्डरच्या ऑफिसात जाऊन बसू लागले. "टाका भराव, पन नाताळचा तिसरा दिवस होऊन जाऊ द्या," एवढंच मागत. शेवटी तिथला मुकादम कंटाळून हो म्हणाला. आम्ही निर्धास्त झालो. नाताळात काम कोण काढतं, असंच सगळा गाव धरून चालला होता. ट्रकवाले मात्र बाहेरगावचे होते, त्यांना लवकर काम उरकून घरी जायचं होतं. नाताळच्या सकाळी गाव चर्चमध्ये मिस्साला गेलं, दुपारी जेवून निजलं, दुसऱ्या दिवशी पाहुणचारात रमलं, आणि त्या संध्याकाळपर्यंत बावखल बुजलं.

तिसऱ्या दिवशी मी नऊलाच पोहोचले. समोर सपाट लाल माती होती आणि तिच्यावर मामा उकिडवे बसले होते. मी तिथेच रडायला लागले. ते उठले नाहीत, समजूतही घातली नाही. "बस," म्हणाले. "धा वाजायचे हायत."

दहा वाजले. मामांनी पान थुंकलं, चूळ भरली आणि मातीकडे बघत बोलायला लागले. "चिखल हाय, हात धर." मग थांबले. बहुतेक तेव्हा मी काहीतरी म्हणाले असेन. "नाय पडनार. मी हाय ना." पुन्हा थांबले, दोनदा खोकले. "दमलीस? चल, उचलून घेते." संपलं. माझं घड्याळ चालूच होतं.

"अशीच बोलली?" मी विचारलं.

"शब्द तिचेच. खोकली पन तिथंच. आवाज कुठून आनू गं?" मामा म्हणाले आणि पहिल्यांदाच त्यांचे डोळे भरून आलेले मी पाहिले.

पुढच्या पावसाळ्यात मामा गेले. त्यांचा आवाज कुठे परतायचा नाही. पण अजूनही मी कधी आजारी पडले, घाबरले, की आई येते. मला उचलून घेते म्हणते, आणि म्हणते ती मामांच्या घोगऱ्या आवाजात. तो आईचा आवाज नाही, असं आता मला कुणी सांगू नये.