पिकू दे, मग काढू

माझ्याच तोंडाची मला शिसारी आली आहे. चाळीस वर्षं ह्या तोंडाने आंबा कधी उतरवायचा ते गावाला सांगितलं, आणि त्याच ऐटीत बायकोच्या डोळ्याचंही सांगून टाकलं.

आंब्याच्या ऐन धांदलीत ती म्हणाली, "अहो, खिडकीचे गज मला मधेच वाकडे दिसतात." मी ओळंबा आणला, गजाशेजारी धरला आणि चार गड्यांसमोर म्हटलं, "बघ, सरळ आहेत. तुझं बघणंच वाकडं." सगळे हसले. तीही हसली.

मग उजव्या डोळ्यासमोर मधोमध डाग येऊ लागला. डॉक्टरकडे जाऊया म्हणाली. "मोतीबिंदू असेल. पिकू दे, मग काढू," मी म्हटलं. आढीतल्या फळाला अंगठा लावून सांगावं तसं सांगितलं. आमच्याकडे असं सगळेच म्हणतात, पण म्हणून मी सुटत नाही. तिने निवडलेल्या तांदळात खडे राहू लागले. दाताखाली खडा आला की मी ताट सरकवून उठत असे. थू माझ्या जिनगानीवर.

पाऊस ओसरताना रत्नागिरीला डोळ्यांच्या दवाखान्यात गेलो, तेही माझा चष्मा बदलायला. ती सोबत होती, म्हणून डॉक्टरीणबाईंनी तिचेही डोळे पाहिले आणि लगेच पडद्याचा फोटो काढायला बसवलं. यंत्रावर हनुवटी टेकवून हिरव्या फुलीकडे बघायचं होतं.

"कुठली फुली?" तिने विचारलं.

बाईंनी फोटो आम्हाला दाखवला. पडद्याचा आडवा छेद, थरावर थर. "मधोमध इथे खळगा हवा. इथे उंचवटा आहे, जुना व्रण आहे. हा मोतीबिंदू नाही. वयामुळे पडद्याचा मधला भाग खराब होतो आणि त्याच्याखाली पाणी झिरपतं. आधी आला असतात तर इंजेक्शनं देता आली असती. ह्या डोळ्याची मधली नजर आता परत येणं कठीण आहे."

मग डाव्या डोळ्याचा फोटो. खळगा जागेवर होता, पण त्याच्या कडेला एक बारीक काळी फट. "इथे पाणी आत्ताच सुरू झालंय. हा डोळा वाचवायचा तर उद्याच इंजेक्शन द्यायला हवं."

गणपती आठ दिवसांवर आले होते, मुंबईहून सगळे घरी येणार होते. आणि माझं तोंड उघडलंच, "गौरी-गणपती होऊन जाऊ देत, मग..."

"ह्यांना नका विचारू," ती बाईंना म्हणाली. उभ्या संसारात तिने माझं बोलणं पहिल्यांदाच तोडलं. "डोळा माझा आहे. सही कुठे करायची तेवढं बोट ठेवून दाखवा."

मी बोट ठेवायला पुढे झालो. तिने माझा हात बाजूला सारला.

"तुम्ही नको," ती म्हणाली.