येतो म्हण

चैत्रातल्या कलत्या दुपारी पडेगावच्या माझ्या तिसऱ्या मजल्यावरच्या घरात कडुनिंबाच्या मोहोराचा कडसर-गोड गंध शिरतो, खिडकीतून दिसणारे दौलताबादकडचे डोंगर उन्हात राखेसारखे फिकट होत जातात, आणि अशा वेळी मला सगळ्यांचाच राग येतो. त्या गंधाचासुद्धा, पण तो निदान ‘येतो’ म्हणून निघून जात नाही.

निघताना ‘जातो’ म्हणणं आपल्याकडं अशुभ. पिशोरला नवी सून होते तेव्हा शेजारच्या एकट्या राधाकाकूंच्या उंबऱ्यावरून मी रोज मान वेळावत ‘येते हं काकू’ म्हणायची आणि सगळी दुपार मैत्रिणींत घालवायची. काकू चुलीच्या वैलावर माझा चहा गरम ठेवत. म्हातारी लई भोळी आहे, असं मी रात्री हसत हसत नवऱ्याला सांगायची. केवढी चतुर ती पोर! नाकात मोरणी, डोक्यात सरकी.

परवा मुलगा पुण्याहून आला, तो भिंतीवर कॅमेरा बसवायला. मी पडलेबिडले तर त्याला तिथं फोनात दिसावं म्हणून. म्हणजे आता इथवर यायचं कारणच उरलं नाही. एक रात्र राहील, एवढ्याच आशेनं मी सकाळीच त्याचं अंथरूण घालून ठेवलं होतं, धुतलेल्या चादरीला अजून उन्हाचा वास होता. स्टुलावरून उतरला तो थेट बुटांपाशी.

“येतो, आई.”

“खोटं कशाला बोलतो? जातो म्हण.”

इतक्या वर्षांचं साठलेलं विष तेवढ्यात ओतलं मी. तो थबकला. गेलेल्या बापासारखाच हट्टी.

“बरं. जातो.”

घरातला उजेडच कुणी खाली ओढल्यासारखं झालं. आणि मी, एवढी शहाणी, दारापर्यंत धावले.

“थोबाड सांभाळ. येतो म्हण, मुडद्या.”

खाली बघत तो ‘येतो’ म्हणाला, आणि लिफ्ट त्याला घेऊन गेली.

राधाकाकूंना तेव्हाच सगळं कळत होतं की काय, कोण जाणे. चहा मात्र त्या ठेवायच्या.

कॅमेऱ्यावर मी माझं जुनं पोलकं टांगलंय. काढायचं तर येऊन काढावं त्यानं. अंथरूण तसंच आहे.