आजीच्या आजीचा दाखला

भाऊंच्या हातात काहीही द्या, ते आधी वाजवून बघत. नारळ, मडकं, नवी खुर्ची, एकदा तर आमच्याकडे आलेल्या विमा एजंटची पत्र्याची पेटी. बोटाच्या पेरानं टकटक करायचे, मान कलती करून ऐकायचे आणि म्हणायचे, "आवाज खोटं बोलत नाही." कामच तसं होतं त्यांचं. घाट उतरण्याआधी गाडी लोणावळ्याला थांबली की भाऊ लांब दांड्याची हातोडी घेऊन एकेक चाक ठोकत जात. खणखणीत वाजलं तर ठीक, बद्द वाजलं तर तो डबा गाडीतून कापून बाजूला काढायचा. मग साहेब ओरडो नाहीतर गार्ड.

मी त्याच स्टेशनात पार्सल ऑफिसचा हेडक्लार्क. रेल्वेच्या चाळीत त्यांच्या भिंतीला भिंत लावून अकरा वर्षं राहिलो. भाऊ माझ्याहून दहा-बारा वर्षांनी मोठे, त्यामुळे मी त्यांना 'अहो भाऊ' आणि ते मला 'अरे हेडक्लार्क'.

भाऊ बेने इस्रायली. म्हणजे अलिबागकडचे ज्यू, पण मराठी तुमच्या-माझ्यासारखंच, शिव्यांसकट. त्यांचे वाडवडील तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी घाण्याला हात लावायचे नाहीत, म्हणून गावानं नाव ठेवलं शनिवार तेली. भाऊंनी शनिवार रेल्वेतही सोडला नाही. सुट्टी सगळ्यांना रविवारी हवी असायची, भाऊ म्हणत, "माझा रविवार घ्या, मला शनिवार द्या." त्यांच्यावर सगळं ऑफिस खूश!

शनिवारी घरात विस्तव पेटवायचा नाही. ते काम जवळच्या औंढे गावाच्या वरच्या वाडीतल्या सरूमावशीचं. डोईवर मोळी घेऊन यायची, चूल पेटवायची, चहाचं आधण ठेवायची. भाऊ मध्ये लुडबुड करायला लागले की दटावायची, "बसा गप तितं. तुमच्या देवाला कळंल." भाऊ आणि वहिनी दोघं ओट्यावर शाळेतल्या पोरांसारखी बसून राहत.

सुएझच्या भानगडीच्या वेळची गोष्ट. मी तेव्हा कडवा अलिप्ततावादी. अमेरिका-रशियाला आपण कसं खेळवतो, इजिप्त कसा आपला जिवलग दोस्त, यावर चहाच्या टपरीवर माझी व्याख्यानं चालत. तुम्हीही असे हेडक्लार्क पाहिले असतील. जगाचं राजकारण तोंडपाठ आणि पार्सल हरवलेलं. इस्रायलच्या फौजा घुसल्याची बातमी आली आणि मी भाऊंना चार लोकांत म्हणालो, "काय हो, तुमच्या लोकांनी काय चालवलंय?"

भाऊ म्हणाले, "माझे लोक? माझे लोक डाऊन मालगाडीखाली वाकलेत. चल, दाखवतो." सगळे हसले, मीही हसलो. त्यांना लागलं असेल असं माझ्या डोक्यातही आलं नाही.

त्यानंतर काही वर्षांनी त्यांची लेक नर्सिंग शिकून इस्रायलला गेली. भाऊंचा आनंद काय वर्णावा! त्यांनी चाळीला मलिदा वाटला. गोड पोहे, ओलं खोबरं, वर फळांच्या फोडी. मी दोनदा मागून खाल्ला. भाऊ म्हणाले, "दोन हजार वर्षांनी आमच्यातलं कुणीतरी घरी गेलं रे." डोळे भरले होते त्यांचे.

आणि मग ते पत्र आलं. पोरीचं तिथं लग्न ठरलं होतं, मुलगा पोलंडकडचा ज्यू. पण तिथं लग्न लावायचं तर धर्माधिकाऱ्यांची परवानगी लागते, आणि ते म्हणाले, तुम्ही हिंदुस्थानातले, तुम्ही खरे ज्यू कशावरून? आईची आई, तिची आई, सगळ्यांचा पुरावा आणा.

भाऊ पत्र घेऊन माझ्याकडे आले. हसायला गेले, ते जमलं नाही. "आजीच्या आजीचा दाखला मागतायत. तिनं नवगावच्या खाडीत कोळंबी बघितली पण धर्मात वर्ज्य म्हणून कधी तोंडात घातली नाही, हे कुणाकडून लिहून आणू?" मग एकदम आवाज चढला. "बाहेरच्यानं विचारलं असतं तर शिवी हासडली असती. हे घरच्यांनीच दारात उभं केलं रे! इथं आम्हाला शनिवार तेली म्हणून चिडवलं, पण ज्यू नाही असं कुणी म्हटलं नाही."

मुंबईच्या मेव्हण्यानं त्यांना सुचवलं होतं, शेजाऱ्यांच्या साक्षी गोळा करा, हे घराणं शनिवार पाळतं म्हणून. त्यात एखाद्या सरकारी नोकराची साक्ष सही-शिक्क्यासह असली तर वजन पडेल. मजकूर भाऊंनी तयारच आणला होता.

सरूमावशीनं ऐकलं मात्र, शाईत अंगठा बुडवला. "लिवा, चूल म्या पेटवली. ह्यांनी काडीला हात न्हाई लावला. आनी त्यांना सांगा, पोरगी माज्या मांडीवर वाढलीया."

रुळांचे सांधे बदलणारा आमचा पॉइंट्समन छप्पन सालीच बौद्ध झालेला. भाऊंनी शाईचा पॅड पुढे केला तर तो म्हणाला, "अंगठा न्हाई भाऊ, मी सही करनार. आमाला बी पिढ्यान्‌पिढ्या दुसऱ्यांनीच सांगितलं, तुमी कोन ते." आणि ठळक अक्षरात, पूर्ण नाव लिहून त्यानं सही ठोकली.

राहिलो मी. मी म्हणालो, "वरच्या साहेबांना विचारतो आणि देतो."

कुणालाही विचारलं नाही मी. भीती वाटली. त्या देशाशी आपल्या सरकारचे संबंध हे असे तुटक, आपण बाजू अरबांची घेतलेली, उद्या माझ्या सहीचा कागद कुठं गेला, कुणी फाईल उघडली, बढती अडली तर? टपरीवर महासत्तांना खेळवणारा मी! कागद टेबलाच्या खणात टाकला. भाऊ आठवड्याला एकदा खिडकीशी यायचे. "विचारलंस का रे?" "साहेब दौऱ्यावर आहेत." पुढच्या आठवड्यात साहेब आजारी. मग साहेब रजेवर. मग भाऊ यायचे थांबले.

बायकोनं एक दिवस जेवता जेवता ताट बाजूला सारलं. "अहो, सही मागितलीय, जीव मागितलाय का कुणी? त्या माणसानं माझ्या बाळंतपणाला भर पावसात डॉक्टर आणला होता."

दुसऱ्या दिवशी सही केली, शिक्का मारला आणि दुपारीच त्यांच्या दारात गेलो. भाऊंनी चष्मा लावून कागद सावकाश वाचला.

"छान झालंय," म्हणाले. "पण पोरीचं पत्र आलंय परवा. मुलाच्या आईनं दुसरीकडे जमवलं. किती थांबतील तेही?"

"भाऊ, माझ्यामुळे..."

"तुझ्यामुळे कशाला? तिथं असल्या कागदांचे ढीग पडलेत म्हणे. तुझ्या सहीनं काही झालंही नसतं." त्यांनी कागदाची घडी घातली आणि माझ्या हातात परत दिली. "पण मी त्यांच्या परवानगीची जेवढी वाट बघितली ना, तेवढीच तुझ्या सहीची बघितली."

वहिनी आत होत्या. रोज हाक मारून चहा देणाऱ्या त्या बाईंनी त्या दिवशी हाक मारली नाही.

भाऊ निवृत्त झाले आणि वहिनींना घेऊन एकट्या पडलेल्या पोरीकडे कायमचे निघून गेले. पुढं कळलं, तिथं त्यांच्या लोकांनी मोर्चे काढले, धरणं धरलं आणि धर्माधिकाऱ्यांना माघार घ्यावी लागली. पोरीला त्याचा काय उपयोग झाला, ते मला कुणी कळवलं नाही.

पत्रं यायची, पण ती सरूमावशीच्या नावानं, पॉइंट्समनच्या पत्त्यावर. एरवी तोच वाचून दाखवायचा; त्याची दिवसपाळी असली की मावशी पत्र घेऊन माझ्याच खिडकीशी यायची. मी वाचायचो. तिच्या गुडघ्याची चौकशी, वाडीतल्या विहिरीची चौकशी, पॉइंट्समनचा पोरगा मॅट्रिक झाला का, चाळीतल्या कुत्रीला पिल्लं किती झाली. ती पदरानं डोळे पुसत ऐकायची आणि शेवटी न चुकता विचारायची, "आनी तुमाला काय लिवलंय, साहेब?"

मी पत्राकडे बघत म्हणायचो, "नमस्कार लिहिलाय, मावशी."

तसं काही लिहिलेलं नसायचं.