पिवळ्याधमक हळदीचा खटला

हळदीचा डाग आणि कोर्टातला किस्सा, दोन्ही पुसायला जावं तर आणखी पसरतात! मी सांगलीत एका वकिलांचा कारकून. आमच्या ऑफिसात फायलींपेक्षा किस्सेच जास्त साठतात. त्यातले हे बापूंचे. बापूंची कवठे महांकाळकडं हळद कांडायची गिरणी, बाजारात लय नाव. वय साठीच्या पुढं. भेसळीच्या खटल्यात अडकले, आणि जेलच्या नुसत्या नावानं त्यांनी देव पाण्यात घातले. त्यांचं तोंड बघून आम्हीही!

*

मुळात सापडले कसे, ते ऐका. अन्न सुरक्षा अधिकारी नमुना घ्यायला गिरणीवर आले. समोर साध्या हळदीचं पोतं उघडंच होतं. पण दारात आलेल्या साहेबाला साधा माल द्यायचा? बापू आत गेले आणि रंग मिसळलेली, डोळे दिपतील अशी हळद स्वतःच्या हातानं घेऊन आले.

वकीलसाहेबांनी कपाळावर हात मारला. "अहो, तीच का दिलीत?"

"आवं, साहेब मानूस! त्येला फिक्की दिली तर काय म्हनंल?"

*

लॅबचा रिपोर्ट आला. खाण्यास असुरक्षित! बापूंचं जेवण सुटलं. साताऱ्याहून मेहुणा आला, रिटायर्ड सुभेदार. म्हणाला, "दाजी, भ्यायचं न्हाई. आत जायच्या आधी ट्रेनिंग करायचं!"

झालं. पहाटे उठणं, उघड्या फरशीवर झोपणं, अल्युमिनियमच्या ताटात आमटी-भात. गल्लीत बोलबाला झाला, बापूंनी कडक व्रत धरलंय! बायका पाया पडायला यायला लागल्या.

एकीनं विचारलं, "किती दिवसांचं हाय ओ, बापू?"

बापू रडकुंडीला येऊन म्हणाले, "ते जज्जसाहेब ठरवनार!"

*

"शिक्षा कमी व्हायची तर वय दिसलं पाहिजे," वकीलसाहेब म्हणाले. मी कुठनंतरी एक काठी पैदा केली. बापू कोर्टाच्या व्हरांड्यात झकास लंगडत होते. तेवढ्यात पट्टेवाल्यानं नाव पुकारलं. गडी घाबरून असा पळाला, की काठी माझ्या हातात, चप्पल दारात आणि बापू पिंजऱ्यात!

जज्जसाहेब म्हणाले, "सावकाश, आजोबा. पडाल."

*

एकदा व्हरांड्यात एक दूधवाला भेटला. दुधात पाणी घातल्याचा खटला. "मला दंड, आन् कोर्ट उठंपतूर बसायची शिक्षा. सांच्याला घरी!"

बापूंचा चेहरा उजळला. मला म्हणाले, "कोर्ट कवा उठतं रं?"

"पाच-साडेपाचला."

"मग डबा आनतो की गड्या! तुला बी आनतो!"

वकीलसाहेब हसले नाहीत. "त्यानं पाणी घातलं होतं, बापू. तुम्ही कापडाचा रंग घातलाय."

बापू पिशवी उचलून एसटी स्टँडकडं चालायला लागले.

*

शेवटी निकाल लागला. दोषी! आता शिक्षा किती, यावर म्हणणं मांडायचं. मागच्या बाकावर त्यांची मालकीण, आक्का, पदर तोंडाला लावून बसलेली. वकीलसाहेबांनी जीव ओतला. पहिलाच गुन्हा, उतारवय, बीपीच्या गोळ्या. आणि मग आवाज खाली आणून म्हणाले, "साहेब, हा रंग इतका घातक असतो, हे या अडाणी माणसाला ठाऊकच नव्हतं. यांच्या स्वतःच्या घरात रोज हीच हळद भाजीत पडते!"

जज्जसाहेबांनी पेन खाली ठेवलं. बापूंकडं जरा मायेनं बघितलं. मला वाटलं, सुटलो!

तेवढ्यात मागं आक्का ताडकन उठली. तिच्या चुलीवरच आळ आला होता ना!

"आवं वकीलसाहेब, काय बी काय सांगताय? ती हळद आमी घरात शिवत बी न्हाई! घरची येगळी कांडून ठेवलीया. नातू लहान हाय आमचा!"

जज्जसाहेबांनी पेन उचललं.